पुलावरची सात मुलं आणि एक नट

विमानाचा आवाज येतो आणि सोळा वर्षांचा झीगी झटकन जमिनीवर पालथा पडतो. विमान काहीच न करता निघून जातं. बाकीची मुलं त्याला हसतात. झीगी वर्गातला सगळ्यांत लहानखुरा, कपडे धुऊन संसार चालवणाऱ्या बाईचा मुलगा. आईनं त्याला गावाबाहेर नातलगाकडे जा म्हणून विनवलेलं असतं, पण मित्र भित्रा म्हणतील म्हणून तो गेलेला नाही. थोड्या वेळानं पुन्हा विमान येतं. आता बाकीचे सगळे आडवे होतात, झीगी तेवढा उभा राहतो. विमान गेल्यावर सहाजण उठतात. झीगी उठत नाही.

बर्नहार्ड विकीच्या 1959 सालच्या ‘डी ब्र्युके’ (‘पूल’) या जर्मन चित्रपटातल्या मुलांमधला हा पहिला मृत्यू. तो शत्रूच्या हातून होतो हे खरं, पण झीगीला मारतं ते मित्रांचं हसणं. विकीनं हा प्रसंग कसलाही गाजावाजा न करता दाखवला आहे. झीगीच्या तोंडी शौर्याचं वाक्य नाही, कॅमेरा त्याच्या डोळ्यांत शिरत नाही. एक पोर नुसतं उभं राहतं. त्या उभं राहण्यात मोठा माणूस होण्याची जी केविलवाणी धडपड आहे, ती ओळखायला दिग्दर्शकाला नटाचीच नजर लागते. विकी मुळात नट होता. दुसऱ्याच्या मापाचे कपडे अंगावर चढवून, दुसऱ्याचं वाक्य तोंडात घेऊन लोकांसमोर उभं राहणं म्हणजे काय, हे त्यानं वर्षानुवर्षं अनुभवलं होतं. ‘डी ब्र्युके’ सैनिकांचा चित्रपट नाहीच. सैनिकाची भूमिका मिळाली म्हणून हरखून गेलेल्या सात शाळकरी मुलांचा तो चित्रपट आहे. युद्धपट म्हणून त्याचं कौतुक पुष्कळ झालं. माझ्या मते त्याचं खरं बळ या भूमिकेच्या गोष्टीत आहे.

विकीचा जन्म 28 ऑक्टोबर 1919 चा, ऑस्ट्रियातल्या झांक्ट प्योल्टनचा. अभिनयाचं शिक्षण त्यानं बर्लिनला आणि व्हिएन्नाच्या माक्स राइनहार्ट विद्यालयात घेतलं. विशी उलटण्याआधीच नाझी राजवटीनं त्याला झाक्सनहाउझेनच्या छळछावणीत काही महिने डांबलं होतं. गुन्हा काय, तर बंदी घातलेल्या युवक चळवळीशी संबंध. पुढे त्यानं केलेल्या कामाकडे पाहताना हे विसरून चालत नाही. पोरवयातल्या मुलांवर राजवट कशी हक्क सांगते, हे त्याला पुस्तकातून शिकावं लागलं नव्हतं.

युद्धानंतर रंगभूमीवर त्याचं बस्तान बसलं आणि पन्नासच्या दशकात जर्मन पडद्यावर तो ओळखीचा चेहरा झाला. या काळातल्या त्याच्या तीन भूमिका ओळीनं ठेवून पाहाव्यात. हेल्मुट क्यॉयट्नरच्या ‘डी लेट्स्टे ब्र्युके’ (1954) मध्ये तो युगोस्लाव्ह गनिमांचा म्होरक्या होतो. पकडून आणलेल्या जर्मन डॉक्टरणीला, म्हणजे मारिया शेलला, आपल्या जखमी माणसांवर उपचार करायला लावणारा. पुढच्याच वर्षी जी. डब्ल्यू. पाब्स्टच्या चित्रपटात तो हिटलरच्या टेबलाखाली बॉम्ब ठेवणारा कर्नल श्टाउफेनबेर्ग झाला. आणि ‘उनरूहिगे नाख्ट’ (1958) मध्ये सैन्यातला धर्मगुरू. सैन्यातून पळालेल्या एका तरुणाला पहाटे गोळी घालायची आहे, त्याच्या शेवटच्या रात्री सोबतीला असलेला. तिघांचे गणवेश वेगळे, पण तिघांपुढचा प्रश्न एकच आहे. अंगावरच्या कपड्यानं सांगितलेलं काम करायचं, की आतल्या माणसानं सांगितलेलं? विकी दणकट बांध्याचा, भरल्या चेहऱ्याचा नट होता. आवाज न चढवता तो हा पेच नुसत्या थांबण्यातून दाखवायचा. हुकूम ऐकल्यावर उत्तर देण्याआधी तो जो क्षणभर थबकतो, त्या क्षणात सगळं येतं.

हे थबकणं ‘डी ब्र्युके’मधल्या मुलांना ठाऊक नाही. त्यांची शोकांतिका तीच.

कथा मानफ्रेड ग्रेगोरच्या 1958 सालच्या कादंबरीवरून घेतलेली आहे. मानफ्रेड ग्रेगोर हे ग्रेगोर डोर्फमाइस्टर या पत्रकाराचं टोपणनाव. युद्धाच्या शेवटच्या दिवसांत, स्वतः सोळा वर्षांचा असताना, पूल राखायला बसवलेल्या मुलांत तो होता. एप्रिल 1945. बव्हेरियातलं एक छोटं गाव. जर्मनी हरल्यात जमा आहे आणि ते मोठ्या माणसांना ठाऊक आहे. एका वर्गातल्या सात मुलांच्या घरी भरतीचा हुकूम येतो. एक दिवस बराकीत जातो, रात्री धोक्याची सूचना मिळते. या मुलांना सोडवा म्हणून त्यांच्या शिक्षकानं आधीच अधिकाऱ्याकडे रदबदली केलेली असते. शेवटी त्यांना लढाईपासून दूर ठेवावं म्हणून त्यांच्याच गावचा, कामाचा नसलेला पूल ‘राखायला’ दिला जातो. तो पूल तसाही सुरुंगानं उडवायचाच असतो. सोबतीला दिलेला अनुभवी सार्जंट हाइलमान जरा गावात जातो, गस्तीवाल्यांना तो पळपुटा वाटतो, आणि त्याला गोळी घातली जाते. ही सगळी व्यवस्था तात्पुरती आहे, हे ठाऊक असलेला एकमेव माणूस असा गेला. आता मुलं आहेत, पूल आहे आणि एक हुकूम आहे.

पण हे सगळं घडेपर्यंत चित्रपट अर्ध्याच्या आसपास आलेला असतो. सुमारे पावणेदोन तासांच्या चित्रपटातला हा पहिला भाग अनेकांना संथ वाटतो. मला तो सगळ्यांत श्रीमंत वाटतो. नदीत बॉम्ब पडला म्हणून मुलं पुलाकडे धावतात. ज्या जागी मरायचं, त्या जागेशी त्यांची ओळख अशी खेळातून होते. मग विकी आपल्याला एकेका घरात नेतो. वाल्टरचा बाप गावातला पक्षाचा पुढारी. तो बायकोची रवानगी करतो आणि स्वतः पळायच्या तयारीत असतो. कार्लचा बाप न्हावी. दुकानात कामाला असलेल्या तरुण मुलीवर कार्लचं मन जडलंय, आणि तिच्याशी बापाचेच संबंध आहेत हे त्याला कळतं. युर्गेन जमीनदार सरदार घराण्यातला. बाप लढाईत पडलेला, आणि निघताना आई त्याच्या हाती बापाचं पिस्तूल ठेवते. तिथे ना रडणं, ना मिठी. आईच मुलाला पात्र म्हणून उभं करते आहे, हे त्या थंड शिष्टाचारातून कळतं.

क्लाउस आणि फ्रान्त्सिस्का यांचा प्रसंग तर पुन्हा पुन्हा पाहावा असा. क्लाउसनं तिला आपलं मनगटी घड्याळ दिलेलं असतं. निघताना तो ते परत मागतो. सैनिकाला घड्याळ लागणार, त्याच्या लेखी एवढी साधी गोष्ट. तिच्या लेखी काय तुटतं ते त्याला दिसत नाही, आपल्याला दिसतं. कोर्डुला ट्रान्टोव या तरुण नटीनं तो अपमान नुसत्या चेहऱ्यावर झेलला आहे. विकी तिच्या चेहऱ्यावर जरुरीपेक्षा क्षणभर जास्त थांबतो. त्या क्षणात कळून चुकतं की मुलानं प्रेमिकाची भूमिका टाकून सैनिकाची उचलली, आणि दोन्ही त्याला नीट कळलेल्या नाहीत. क्लाउस झालेला फोल्कर लेख्टेनब्रिंक तेव्हा चौदा-पंधरा वर्षांचा होता. आल्बर्ट झालेला फ्रिट्स वेपर सतरा-अठराचा. असली वयं आणि असले कोवळे चेहरे असल्यामुळे डोक्यावरचं पोलादी शिरस्त्राण आपोआपच मोठं वाटतं. दिग्दर्शकाला वेगळं काही सांगावं लागत नाही.

विकी उत्तम छायाचित्रकारही होता. 1960 मध्ये त्याच्या छायाचित्रांचं ‘त्स्वाय ग्राम लिख्ट’ (दोन ग्रॅम प्रकाश) नावाचं पुस्तक निघालं, त्याला फ्रीडरिख ड्युरेनमाटची प्रस्तावना होती. ‘डी ब्र्युके’चा कॅमेरा गेर्ड फोन बोनीनचा, पण कृष्णधवल चौकटीत माणूस कुठे उभा करायचा याची जाण दिग्दर्शकाची दिसते. पुलाचा कठडा, त्याच्यामागे वाकून बसलेली मुलं, पलीकडे रिकामा रस्ता. बव्हेरियातल्या काम या गावात, रेगेन नदीवरच्या खऱ्या पुलावर हे चित्रण झालं. दगड आणि पाणी खरं असल्यामुळे जागेचा भूगोल आपल्या अंगात भिनतो. कोण कुठे बसलंय, झाड कुठे, घराची खिडकी कुठे, हे आपल्याला पाठ होतं. लढाईच्या चित्रपटांत हे फार थोड्यांना जमतं. बहुतेक वेळा नुसता धुरळा दिसतो.

आणि मग रणगाडे येतात. ते दिसण्याआधी ऐकू येतात. साखळ्यांचा तो खडखडाट वाढत जातो आणि मुलांच्या तोंडावरचं शौर्य उतरत जातं. खरे रणगाडे मिळाले नाहीत म्हणून मालमोटारींवर लाकडी सांगाडे चढवून हे रणगाडे उभे केले होते. पडद्यावर ते ओळखू येत नाहीत, कारण आपण रणगाड्याकडे पाहतच नसतो. आपण त्याच्याकडे पाहणाऱ्या मुलांकडे पाहत असतो. दिग्दर्शनाची ही नटाची रीत झाली. गोष्ट तिच्याकडे पाहणाऱ्याच्या तोंडावर दाखवायची.

लढाईतल्या दोन प्रसंगांनी त्या काळच्या प्रेक्षकाची झोप उडवली असणार. पहिला, वाल्टर घरातून रणगाडाविरोधी अस्त्र डागतो तो. रणगाडा उडतो, पण त्या नळीतून मागे सुटलेला जाळ घरातल्या म्हाताऱ्याला भाजून काढतो. पराक्रमाच्या त्याच क्षणी पाठीमागे एक निरपराध माणूस होरपळतो, आणि विकी दोन्ही गोष्टी एकाच श्वासात दाखवतो. दुसरा प्रसंग अमेरिकन सैनिकाचा. समोर पोरं आहेत हे त्याच्या ध्यानात येतं. तो गोळीबार थांबवा म्हणून ओरडतो. आम्ही लहान मुलांशी लढत नाही, घरी जा, बालवाडीत जा, असं सांगतो. तो त्यांना वाचवायला पुढे आलेला आहे. पण ‘बालवाडी’ हा एक शब्द कार्लच्या वर्मी लागतो. आम्हाला लहान म्हणतोस? तो सैनिकाच्या पोटात गोळी घालतो. त्यानंतर विकी चौकट बदलून सुटका देत नाही. तो सैनिक मरायला वेळ घेतो, किंचाळतो, आणि कार्लला व क्लाउसला ते ऐकावं लागतं. लवकरच कार्ल मरतो आणि क्लाउस भान हरपून गोळ्यांच्या दिशेनं धावत सुटतो. झीगी भित्रा म्हणतील म्हणून मेला, कार्लनं लहान म्हटलं म्हणून मारलं. एकाच गाठीची ही दोन टोकं आहेत.

शेवटी हान्स आणि आल्बर्ट दोघे उरतात. अमेरिकन मागे सरतात. पूल राखला! आणि तेव्हा कुठे पूल उडवायला जर्मन सुरुंगवाले येतात. त्यांना ही पोरं आणि त्यांचा पराक्रम म्हणजे नसती ब्याद वाटते. इतका वेळ ज्या हुकुमासाठी पाच मित्र गेले, तो हुकूम कुणाला नकोच होता. हान्स त्यांच्यावर बंदूक रोखतो, आल्बर्ट त्यांच्या म्होरक्याला मारतो आणि निघता निघता त्यांच्या गोळ्यांनी हान्स जातो. शेवटची गोळी अशी आपल्याच माणसांची. आल्बर्ट एकटा घराकडे वळतो. पडद्यावर अक्षरं येतात. त्यांत सांगितलंय की हे 27 एप्रिल 1945 रोजी घडलं, आणि ते इतकं क्षुल्लक होतं की सैन्याच्या कोणत्याही निवेदनात त्याची नोंद झाली नाही.

हा चित्रपट आला तेव्हाचा पश्चिम जर्मनी कसा होता हेही पाहायला हवं. 1955 मध्ये नवं सैन्य उभं राहिलं, 1956 मध्ये सक्तीच्या भरतीचा कायदा झाला. पडद्यावर ‘08/15’ आणि ‘डेर श्टेर्न फोन आफ्रिका’सारखे चित्रपट चालत होते. त्यांतला जर्मन सैनिक बहुधा भला, शूर आणि फसवला गेलेला असे. विकीनंही आपली मुलं वाईट दाखवली नाहीत. उलट ती फार गोड आहेत. पण त्यानं त्यांच्या भलेपणाची ढाल केली नाही. शाळा, घर, पक्ष, आईचा अभिमान आणि बापाचा पळपुटेपणा या सगळ्यांनी मिळून त्यांना पुलावर आणून ठेवलं, हे त्यानं तासभर संयमानं मांडलं, आणि मगच गोळी चालवली. म्हणूनच मी पहिल्या अर्ध्या भागाची बाजू घेतो. तो कापला तर उरेल तो नुसता चांगला युद्धपट. ‘डी ब्र्युके’ला गोल्डन ग्लोब मिळालं, ऑस्करचं नामांकन मिळालं. ऑस्कर त्या वर्षी ‘ब्लॅक ऑर्फियस’ला गेलं.

पुढच्या वाटचालीबद्दल थोडक्यात सांगतो, कारण ती सारखी उंचीवर राहिली नाही. ‘डास वुंडर डेस मालाखियास’ला 1961 च्या बर्लिन महोत्सवात उत्तम दिग्दर्शनाचं रौप्य अस्वल मिळालं. एका साध्याभोळ्या पाद्र्याच्या प्रार्थनेनं दारूचा अड्डा जागचा उठून बेटावर जाऊन बसतो आणि त्या चमत्काराचा लोक बाजार मांडतात, अशी ती कथा. मग हॉलिवूडनं बोलावलं. ‘द लाँगेस्ट डे’ (1962) मधले जर्मन बाजूचे प्रसंग विकीनं केले, आणि तिथे त्याचा हात लगेच ओळखू येतो. नॉर्मंडीच्या किनाऱ्यावरच्या खंदकातून मेजर प्लुस्काट दुर्बीण लावतो आणि क्षितिजभर पसरलेलं आरमार त्याला दिसतं. हान्स क्रिस्टियान ब्लेखचा तो चेहरा, त्यावरचा अविश्वास आणि मग भीती! शेकडो जहाजांपेक्षा मोठा तो चेहरा आहे. ‘डी ब्र्युके’चीच रीत, फक्त खर्च हॉलिवूडचा.

ड्युरेनमाटच्या नाटकावरचा ‘द व्हिजिट’ (1964) मात्र फसला. इन्ग्रिड बर्गमन आणि अँथनी क्विन असूनही फसला. नाटकात पैशासाठी गाव एका माणसाचा बळी घेतं. चित्रपटात त्याचा जीव वाचवला, आणि त्याबरोबर नाटकाचा कणाच मोडला. मार्लन ब्रँडो आणि युल ब्रिनर यांना घेऊन केलेला ‘मोरितुरी’ (1965) कॉनराड हॉलच्या छायाचित्रणासाठी पाहावा. विकीला मोठी यंत्रणा मानवली नाही असं मला वाटतं. त्याला माणसं हाताशी हवीत, ओळखीची हवीत.

अभिनय त्यानं सोडला नाही, ही आपल्या भाग्याची गोष्ट. अँतोनिओनीच्या ‘ला नोत्ते’ (1961) मध्ये तो मिलानच्या रुग्णालयात अखेरच्या आजारात पडलेला लेखक तोमासो आहे. मास्त्रोयानी आणि जान मोरो त्याला भेटायला येतात. काही मिनिटांचंच काम. पण अंथरुणाला खिळलेला विकी मित्राच्या नव्या पुस्तकाबद्दल बोलतो, हसायचा प्रयत्न करतो, दुखणं दाबतो, आणि नवरा-बायकोतला सगळा कोरडेपणा त्याच्या डोळ्यांपुढे उघडा पडतो. तो पुन्हा पडद्यावर येत नाही. पुढे त्याच्या मृत्यूची बातमी फोनवर कळते. तरी सबंध रात्रभर तो त्या दोघांच्या मध्ये उभा आहे असं वाटत राहतं. जागचं हलता न येणाऱ्या माणसाची भूमिका एवढी पुरून उरते. विम वेंडर्सच्या ‘पॅरिस, टेक्सस’ (1984) मध्ये तो वाळवंटातल्या आडगावचा जर्मन डॉक्टर झाला. भरकटलेल्या नायकाच्या, ट्रॅव्हिसच्या, भावाला फोन करणारा आणि त्या मदतीतही पैशाचा हिशेब न विसरणारा. फासबिंडर, हांडके यांच्यासारख्या पुढच्या पिढीनंही त्याला आपल्या चित्रपटांत घेतलं. बापाच्या पिढीशी उभा दावा मांडणाऱ्या या तरुणांना विकी परका वाटला नाही, याचं कारण त्याच्या कामातच आहे.

दिग्दर्शक म्हणून त्यानं शेवटी कादंबरीकार योसेफ रोटचा हात धरला. ‘डास फाल्शे गेविख्ट’ (1971) मध्ये हेल्मुट क्वाल्टिंगरचा वजनमापं तपासणारा सरकारी निरीक्षक आहे. आणि 1989 चा ‘डास श्पिनेननेट्स’ तीन तासांहून मोठा. पहिल्या महायुद्धातून परतलेला लेफ्टनंट थेओडोर लोझे गुप्त उजव्या संघटनेत शिरतो आणि एकेक पायरी चढत जातो. पुढे ‘द लाइव्ह्ज ऑफ अदर्स’मुळे जगाला माहीत झालेल्या उलरिख म्यूहेनं हा लोझे साकारला आहे. चित्रपट लांबला आहे, मधले काही प्रसंग सैल आहेत. पण म्यूहेचा लोझे पाहताना ‘डी ब्र्युके’ आठवल्याशिवाय राहत नाही. गणवेश काढला की आत कुणीच उरत नाही असा हा माणूस. त्या सात मुलांना मोठं व्हायचं होतं ते असल्याच मोठ्या माणसांकडे पाहून. 1959 मध्ये विकीनं मुलं दाखवली होती, तीस वर्षांनी त्यांना घडवणारा माणूस दाखवला. माझ्या हिशेबी हे एकाच कामाचे दोन भाग आहेत. 5 जानेवारी 2000 रोजी म्युनिकमध्ये विकी गेला.

विकीचा एकच चित्रपट पाहायचा असेल तर ‘डी ब्र्युके’ पाहा, आणि पहिला तासभर पुढे न ढकलता पाहा. दुसऱ्यांदा पाहाल तेव्हा ‘ला नोत्ते’मधला त्याचा तो प्रसंग आधी बघून घ्या. आणि घरात नववी-दहावीतलं कुणी असेल, तर पहिल्यांदाच त्याला शेजारी बसवून घ्या. हा चित्रपट त्याच्या वयाच्या मुलांचा आहे.